नेमतच्या खिळ्यावरचा नान

२ मार्च

शाहलोनं कर्शीहून ही वही पाठवली. "बाबा, घरात बसून आईवर खेकसण्यापेक्षा काहीतरी लिहीत जा," असं तिचं म्हणणं. लेक सासरी गेली की तिला बापाचे दोष दिसायला लागतात. ठीक आहे, लिहितो.

आज सालोमत आतून परत आली. हमामाबाहेर ही गर्दी. पूर्वी मी यायचो तेव्हाही लोक जमायचे, पण इतके नाही. तिनं झोळीभर तुती आणल्या. बाहेर तुतीला अजून पालवी नाही आणि आत झाडाखाली सडा पडलाय म्हणे. हमाम सांभाळणाऱ्या उस्तो झरीफनी तिला गेलेल्या वाटा ओल्या वाळूवर काढायला लावल्या. ती बोटानं गल्ल्या काढत गेली, चौक काढत गेली, शेवटी वाळू संपली. उस्तो म्हणाले, "पोरी, माझ्या आजोबांच्या काळापासून इतक्या लांब कुणी गेलं नव्हतं." मी तिथंच बसलो होतो. वीस वर्षं मी आत जात होतो, ती काय भाजी आणायला?

घरी येताना चहाखान्याच्या ओट्यावरून एकजण दुसऱ्याला म्हणाला, "तो बघ, सालोमतचा नवरा."

५ मार्च

शाहलोचा फोन. म्हणाली, वही अशी लिहा की तुमच्या नातवालाही पुढं वाचता आली पाहिजे. तर बाळा, हे तुझ्यासाठी.

आपल्या मोहल्ल्यातल्या हमामात भट्टीमागं एक दार आहे. बाहेरून बघायला गेलं तर भट्टीमागं सोनाराचं दुकान लागतं. दारातून गेलं तर सोनार लागत नाही, गल्ल्या लागतात. गल्ल्यांना चौक, चौकांना जिने, जिन्यांवर परत गल्ल्या. सूर्य नाही पण उजेड आहे. डावं-उजवं नाही. मागं वळून बघितलं तर आलेली वाट वेगळीच झालेली असते. आम्ही त्याला नुसतं 'आत' म्हणतो. त्याला शेवट आहे की नाही, ते कुणाला माहीत नाही.

तरी माणूस परत येतो, ते नानामुळं. परगावी निघालेला माणूस नानाचा एक घास खातो आणि उरलेला नान भिंतीला टांगून ठेवतात, तो परत येऊन संपवेपर्यंत. हे तू तुझ्याही घरी बघशील. आमचंही तेच. जाणारा घास घेतो आणि उरलेला नान हमामात कुणाच्यातरी खिळ्याला टांगतो. प्रत्येकाचा खिळा ठरलेला आहे. आत असताना परतायचं मनात आलं की आपल्या नानाचा वास येतो. त्या वासामागं चालायचं, दुसरं काही नाही. आणि गेलेला माणूस नाहीच आला, तर नान ज्याच्या खिळ्याला त्यानंच शोधायला जायचं. तो त्यालाच सापडतो, दुसऱ्या कुणाला नाही.

माझा नान नेहमी सालोमतच्या खिळ्याला असायचा. बायकोच्या नाही तर कुणाच्या?

पाच वर्षांपूर्वी आत एक कमान माझ्या गुडघ्यावर कोसळली आणि माझी शुद्ध गेली. डोळे उघडले तेव्हा मी हमामाच्या ओट्यावर होतो आणि आमच्यातलाच नेमत माझ्या तोंडावर पाणी मारत होता. त्यानं मला बाहेर आणलं. त्याचे उपकार आहेत, नाही म्हणत नाही. पण ज्यानं उपकार केलेत त्यानं रोज समोर येऊ नये. हा रोज येतो आणि थोरल्या भावाला म्हणावं तसं अका म्हणतो. "इसोम-अका, गुडघा कसा आहे?" गुडघा आहे तिथंच आहे.

मी घरी बसलो आणि सालोमत म्हणाली, मग मी जाते. मला हसू आलं होतं. पहिल्यांदा जाणारा माणूस दारात थबकतोच, मीही थबकलो होतो. ही थबकली नाही. मी उस्तोंना म्हणालो, हिला काही कळत नाही म्हणून भीती वाटत नाही. उस्तो दाढी खाजवत बसले.

८ मार्च

आज बायकांचा सण. मी विसरलो. नेमत विसरला नाही. दारात उभा, हातात पिवळी ट्युलिप. "आपा, सणाच्या शुभेच्छा." सालोमतनं ती माझ्या चहाच्या चांगल्या किटलीत ठेवली. म्हणालो, "आता चहा कशात पिऊ?"

"दुसऱ्या किटलीत."

"ती गळते."

"मग गळू दे, शाहलोचे बाबा."

नेमत विधुर आहे, माझ्याहून लहान आहे, दात सगळे स्वतःचे आहेत. दर वर्षी फुलं आणतो आणि देताना तिच्याकडं बघत नाही, जमिनीकडं बघतो. ज्याच्या मनात काही नाही, तो सरळ बघतो.

११ मार्च

नवा चौक ज्याला सापडेल त्यानं त्याचं नाव ठेवायचं, असा आमच्यात रिवाज आहे. मी माझ्या चौकांना नीट नावं दिली होती. बापाचं, आजोबांचं, एकाला शाहलोचं. सालोमतला आता इतके सापडतात की नावं पुरत नाहीत. एक चौक शेजारच्या रोबिया-खोलाचा, म्हणजे रोबिया मावशीचा. एक उस्तोंच्या गाढवाचा. एक खोलाच्या मांजरीचा. आज जेवताना सहज विचारलं, "अजून कुणाकुणाची नावं राहिलीत?"

"एक चौक बिननावाचाच ठेवलाय."

"का?"

"तिथं फार वेळ बसले होते मी एकदा. नाव सुचत नाही."

मांजरीचं सुचतं. असो. पुलाव खारट झाला होता, मी सांगितलं. ती म्हणाली तिला नाही लागला.

१३ मार्च

आज लिहायचं नव्हतं, तरी लिहितो.

यावेळी सालोमत लांब जाणार आहे, आजवर गेली त्याच्याही पलीकडं. नवरूझच्या सणापर्यंत येते म्हणाली. सकाळी सगळे हमामात जमले. तिनं नानाचा घास तोडला, चावला, डोळे मिटून घेतले. मी माझ्या खिळ्याशी उभा होतो. आजवर तिचा नान माझ्याच खिळ्याला. मी हातसुद्धा पुढं केला होता. ती माझ्यासमोरून पुढं गेली आणि नान नेमतच्या खिळ्याला टांगला.

मी म्हणालो, "हे काय?"

"शाहलोचे बाबा, जरा समजून घ्या."

"काय समजून घेऊ?"

"आल्यावर बोलू. इथं नको." तिनं माझ्या गुडघ्याकडं बघितलं. लंगड्याकडं बघतात तसं. मग आत गेली.

नेमत खाली मान घालून उभा होता. मी त्याला म्हणालो, "तुझा खिळा मजबूत आहे ना? की ठोकून देऊ?" तो म्हणाला, "इसोम-अका, मी मागितला नव्हता." मागितला नव्हता म्हणे. न मागता जे मिळतं त्याचीच तर माणसाला आग होते.

१४ मार्च

नान बनवणाऱ्या बायकांसाठी ठसे करतो मी, लाकडाचे, खाली खिळे ठोकलेले, नानावर नक्षी उठवायला. आज तीन ठसे बिघडवले. खिळा ठोकायला गेलो की दुसराच खिळा डोळ्यांपुढं येतो.

चहाखान्यात साबिर हजाम म्हणाला, "इसोम, जळल्याचा वास येतोय कुठूनतरी." सगळे हसले. मी चहा अर्धा टाकून उठलो. त्याच्याकडं आता दाढी करणार नाही.

१६ मार्च

आज एक गोष्ट केली. तशी वाईट नाही.

नवरूझ आला म्हणून हमामाला चुना लावायचा आहे. उद्यापासून बंद, वीस तारखेला उघडणार. खिळ्यांच्या भिंतीवर चादर टाकलीये. उस्तो चुना कालवत होते, नेमत पाणी आणायला गेला होता. मी चादरीखाली हात घातला आणि सालोमतचा नान काढून कुडत्यात ठेवला.

विचार करूनच केलं. ती सणापर्यंत यायची नाही. परतायचं मनात येईल तेव्हाच वास लागतो, तोवर नान कुठं आहे त्यानं काय फरक पडतो? वीस तारखेला हमाम उघडला की गपचूप लावून टाकीन. फक्त तो चार दिवस त्या माणसाच्या खिळ्याला नको.

नान आमच्या खोलीतल्या कोनाड्यात ठेवला. रागानं पालथा ठेवला, मग उठून सुलटा केला. नान पालथा ठेवून अन्नाचा अपमान करणारा माणूस मी नाही.

१७ मार्च

घरात उंदीर झालेत. कोनाड्याच्या भिंतीत खरवडतात. नानाचा वास लागला असणार. कापडात गुंडाळून वर ठेवला तरी खरवडणं चालूच. रोबिया-खोलाकडून मांजर आणली. खोला म्हणाली, "सालोमत नाही म्हणून मांजर पाळतोस का रे?" म्हातारी आहे म्हणून सोडून दिलं.

मांजर उंदीर मारत नाही. भिंतीकडं तोंड करून बसते आणि घुरघुरते. सालोमतच्या पायाशी बसते तशीच बसलीये. आळशी.

१८ मार्च

आज नानाशी बोललो. वेड लागलेलं नाही, घरात दुसरं कुणी नाही. म्हणालो, बघ बाई, तुझ्या नवऱ्याला हा गाव हसतो. म्हणालो, चव्वेचाळीस वर्षांची बाई, आणि फुलं काय घेतेस. नेमतला शिव्या घातल्या. त्याच्या आईला सोडून बाकी सगळ्यांचा उद्धार केला. गंमत अशी की नेमतचं नाव घेतलं की उंदीर जास्तच खवळतात. एकदा तर इतकं धडधड केलं की कोनाड्यातली माती पडली. मी चप्पल फेकली भिंतीवर. गप्प झाले.

मग मलाच वाईट वाटलं, कुणाला ठाऊक का. भिंतीला टेकून बसलो. म्हणालो, तू आलीस की किटली तुझीच. उंदीर हळूहळू खरवडत होते, पण आता त्रास होत नव्हता.

१९ मार्च

उंदीर आज कमी आहेत. दमले असतील. ठसा एकही केला नाही. कधी एकदा उद्याचा दिवस येतोय आणि नान लावून टाकतोय असं झालंय.

२० मार्च

हमाम उघडला. पण उस्तोंच्या आजूबाजूला समरकंदचे पाहुणे, भिंतीसमोरच जेवणाचं दस्तरखान अंथरलेलं. नान कुडत्यात घेऊन तसाच माघारी आलो. उद्या पहाटे लावतो. ती काय पहाटेच्या आधी येतेय?

२१ मार्च, नवरूझ

सगळं एकाच दिवसात झालं, जमेल तसं लिहितो.

पहाटे निघायच्या आधीच नेमत दारात. पाहुणे गेल्यावर त्यानं चादर काढली होती.

"नान कुठं आहे?"

"कसला नान?"

"इसोम-अका, सणाच्या दिवशी मला खोटं ऐकवू नका. कुठं आहे?"

मांजर भिंतीकडं तोंड करून बसली होती. त्यानं मांजरीकडं बघितलं, मग वर कोनाड्याकडं. आणि एकदम खाली बसला.

"कधीपासून?"

"चुना लावायला घेतला तेव्हापासून. ती कुठं इतक्यात परतणार होती?"

"आपा लवकर परतणार होत्या. सणाच्या सुमलाकसाठी, गव्हाच्या खिरीची कढई चढवायला. तुम्हाला त्यांच्या हातचा सुमलाक लागतो म्हणून." त्यानं घाम पुसला. "वास इथून येतोय तर त्या इथंच आल्या असणार. ह्या भिंतीच्या मागं. काही आवाज आला?"

"उंदीर आहेत," मी म्हणालो, आणि म्हणता म्हणता कान भिंतीला लावला.

नेमतनं पेला घेऊन भिंतीवर टकटक केलं. काही नाही. मी पळी घेतली. सालोमत जेवायला बोलावताना पातेल्याच्या काठावर पळी आपटते, दोनदा जवळजवळ, मग जरा थांबून एकदा. मी तसं केलं. भिंतीतून तसंच आलं. दोनदा, मग एकदा. फार हळू.

मी कुदळ घेऊन धावलो. नेमतनं ती धरली. "काय फोडता? पलीकडं खोलाच्या कोंबड्या आहेत. आपा तिथं नाहीत, त्या आत आहेत. इथं दार नाही, दार हमामात आहे."

"मग तू जा. तू मला आणलंस तसं तिला आण. मी तुझे पाय धरतो."

"मी?" त्यानं माझ्याकडं विचित्र नजरेनं बघितलं. "अका, तेव्हा तुमचा नान कुणाच्या खिळ्याला होता?"

"सालोमतच्या."

"मग?"

पाच वर्षं मी हा नियम लोकांना शिकवत होतो. नातवासाठीही लिहून ठेवला. आणि मला कधी हे जोडता आलं नाही.

"मी दाराशी उभा होतो," नेमत म्हणाला. "आत जायला पाय उचलेना. आपा आल्या त्या पिठाच्या हातांनी आल्या आणि तशाच आत गेल्या. कधी गेलेल्या नव्हत्या. तुम्ही एका चौकात पडला होता. त्यांना कमान उचलेना, तुम्हाला एकटं सोडवेना. तिथं किती वेळ बसल्या कुणास ठाऊक. शेवटी एकेक वीट काढून तुम्हाला सोडवलं, पाठीवर बांधून आणलं. मला म्हणाल्या, हे शुद्धीवर आले की तूच आणलंस असं सांग, ह्यांना झेपायचं नाही. मी हो म्हणालो. तेव्हापासून तुम्ही मला उपकार उपकार करता आणि मला जमिनीत गडप व्हावंसं वाटतं. फुलं काय उगाच आणतो?"

मी कुदळ सोडून दिली.

"आणि ह्या खेपेला माझा खिळा का, तेही ऐका. लांबची वाट होती. त्या हरवल्या असत्या तर ह्या गुडघ्यावर तुम्ही आत गेला असता. गेला असताच. म्हणून."

मग पुढं काय करायचं ते त्यानंच सांगितलं. नान कुणाच्याच खिळ्याला नव्हता, म्हणून आत शोधायला जाऊन ती कुणालाच सापडली नसती. नान हमामापर्यंत न्यायचा, पण असा, की तिला मागोमाग येता येईल. शिळ्या नानाला आता वास कितीसा राहणार? म्हणून बोलत जायचं. तिचा आवाज बाहेर येत नाही, पण बाहेरचा भिंतीतून तिला ऐकू जातो. भिंतीला लागून चालायचं, आणि तोंड बंद ठेवायचं नाही. गावातला हौदाचा चौक टाळायचा, तिथं भिंती नाहीत. म्हणजे सगळा वळसा.

"तू बोल," मी म्हणालो. "मला बोलायला जमत नाही."

"माझ्या आवाजाच्या मागं त्या कशाला येतील?" नेमत म्हणाला.

तर आज नवरूझच्या दिवशी, सगळा गाव नव्या कपड्यांत रस्त्यावर असताना, मी एका हातात काठी आणि छातीशी शिळा नान धरून भिंतीला खांदा घासत बुखाऱ्यातून चाललो. सुरुवातीला म्हणत होतो, "सालोमत, आता वळतोय. आता सरळ." मग लक्षात आलं, तिला तिथं वळण कुठलं आणि सरळ कुठलं. नुसता आवाज हवा. मग म्हणालो, किटली धुऊन ठेवलीये. म्हणालो, पुलाव खारट नव्हता. रोबिया-खोला बायकांबरोबर सुमलाकच्या कढईशी उभी होती. म्हणाली, "इसोम, नानाशी भांडतोस?"

"बायकोशी बोलतोय, खोला."

"मग बोल. वीस वर्षं राहिलं होतं तेवढं."

बायका हसल्या. एरवी मी सुनावलं असतं, पण थांबता येत नव्हतं. साबिर हजामाच्या दुकानाच्या भिंतीला लागून जाताना म्हणालो, लोक मला तुझा नवरा म्हणतात ते मला बोचतं. साबिर हातात वस्तरा घेऊन दारात आला होता. त्याच्या तोंडावरच म्हणालो. मी म्हणालो, भिंतीवर चप्पल मारली ती उंदरांना मारली, तुला नाही. पोरं मागं लागली होती, "वेडा नानवाला, वेडा नानवाला." नेमत पुढं जाऊन वाट मोकळी करत होता आणि एकदाही मागं वळून बघत नव्हता. गुडघ्यात कळा येत होत्या. भिंतीत काही ऐकू येत नव्हतं. ती येतेय की खोलीमागंच बसून राहिलीये, कळायला मार्ग नव्हता.

तांबट आळीत सणाच्या दिवशीही घण चालू होते, गिऱ्हाइकांना दाखवायला. कान बधिर होतील इतका आवाज. तिथं मी पाच वर्षं आत कोंडलेलं सगळं बोललो. मोठ्यानं बोललो, कारण मलाही ते ऐकू येत नव्हतं.

हमामात पोचलो. उस्तो उठून उभे राहिले. नेमत म्हणाला, "तुमच्या खिळ्याला लावा अका. तुमचा हक्क आहे." नान हातात होता. माझा खिळा समोर होता. मला फार वाटलं, लावावा. मग तो नेमतच्या खिळ्याला लावला, कारण तिनं तिथं लावला होता.

आणि बसलो. चहा आला, गार झाला. दुसरा आला. बाहेर डफ वाजत होते. मी उठून दारापर्यंत गेलो, उस्तोंनी हाताला धरून बसवलं. ऊन खिडकीतून उतरून ओट्यावर आलं तेव्हा भट्टीमागचं दार वाजलं.

ओठ फुटलेले, चपलेचा बंद तुटलेला, केसांत तुतीचं पान. सालोमत आली होती. खिळ्यापाशी गेली, नान काढला, मोडला. येणाऱ्यानं उरलेला नान, ज्यानं सांभाळला त्याच्याबरोबर खायचा, असा रिवाज आहे. अर्धा तिनं नेमतला दिला. तो घेईना, ती हात पुढं धरून उभी राहिली. दोघं समोरासमोर बसून तो वाळका नान चावत होते आणि मी बाजूला काठी धरून बसलो होतो. खरं लिहायचं ठरवलंय तर लिहितो, इतकं सगळं होऊनही ते बघून मी जळलोच.

मग ती उठली. "चला, शाहलोचे बाबा."

वाटेत ती माझ्या दुखऱ्या बाजूनं चालत होती. लोक बघत होते, तिच्याकडंच. कढयांचा धूर सरल्यावर, आमच्या गल्लीच्या तोंडाशी थांबली.

"खोलीत बसून काय काय बोललात, तेही ऐकलं. वाटेतलंही सगळं ऐकलं. फक्त तांबट आळीत ठोकाठोकी फार होती. तिथं काय म्हणालात?"

"काही नाही. असंच."

"मी थांबते."

गल्लीत शांतता होती. कुणी नव्हतं. मी म्हणालो, "नेमतचं काही नव्हतं. तू माझ्याहून चांगली चालतेस, आणि ते मला बघवत नाही."

तिनं ते ऐकून घेतलं. रागावली नाही, हसलीही नाही. केसांतलं पान काढून टाकलं.

"न बघवून चालायचं नाही," म्हणाली. "पुढच्या शुक्रवारी मी परत जाणार आहे."

"आणि नान?"

"नेमतच्या खिळ्याला."

"बरं," मी म्हणालो, आणि ते म्हणेपर्यंत आमची सगळी गल्ली चालून झाली होती.